द्राक्षबागेतील मोजके मंगलकार्य

नाशिकजवळच्या दिंडोरी परिसरात ऑक्टोबर छाटणीनंतरच्या द्राक्षवेली फेब्रुवारीत घडांनी लगडतात. बागेच्या कडेला विवाह योजल्यास निराळी सजावट लागत नाही. मात्र तोच काढणीचा हंगाम. म्हणून फवारणी व तोडणीच्या तारखा बागायतदाराला आधी विचाराव्यात. मद्यनिर्मितीच्या आवारापेक्षा खाण्याच्या द्राक्षांची बाग निवडणे उचित. सकाळचा मुहूर्त व सूर्यास्तापूर्वीचे भोजन यांत नियम पाळला जातो आणि रोषणाईचा खर्चही वाचतो.

खरी परीक्षा पन्नास नावे ठरवताना होते. पिढ्यान्‌पिढ्यांचे व्यापारी संबंध वगळल्याचे शल्य राहते. अशा घरी वधूवरांनी स्वतः जाऊन आशीर्वाद घ्यावेत. तो मान पत्रिकेहून मोठा ठरतो. दुसऱ्या दिवशी म्हसरूळच्या गजपंथ सिद्धक्षेत्राचे दर्शन घेऊन पाहुण्यांनी परतावे.