नळ्या चोकअप होत नाहीत!

वाळवा तालुक्यात मी चार वर्षं ठिबक संच विकत फिरलो. तिथल्याच एका सोप्यात बसून बोललेलं एक वाक्य मला अजून टोचतं.

तात्यांचा तीन एकर ऊस होता. मी लॅपटॉप उघडून बत्तीस स्लाइड दाखवल्या: पाण्याची बचत, मुळाशी खत, तण कमी. पाटपाण्यानं जमिनी क्षारपड होतात, हेसुद्धा सांगितलं, तेही ज्यांनी ते डोळ्यांनी बघितलंय त्यांना. तात्या सुपारी कातरत ऐकत होते. शेवटी म्हणाले, "पर नळ्या चोकअप हुत्यात की."

गिऱ्हाइकानं शंका काढली की लगेच खोडायची, असं आम्हाला शिकवलेलं. मी म्हणालो, "आमच्या होत नाहीत, तात्या."

त्यांनी अडकित्ता खाली ठेवला. "चला."

बांधापलीकडं त्यांच्या भावाचं रान. भावानं नळीच्या टोकाची टोपी काढली, आत पांढरा थर. नळीवर नाव आमच्याच कंपनीचं. तरी माझं तोंड चालूच: "बोअरचं पाणी जड असणार, फिल्टर धुतला नसेल, ॲसिड सोडलं नसेल."

"सोडायचं आसतंय, हे सांगितलं कुणी?" भाऊ म्हणाला.

खरं तर "होतात" एवढंच आधी कबूल करायला हवं होतं. जड पाण्याचे क्षार ड्रिपरमध्ये बसतात. अधूनमधून ॲसिड सोडून, ते नळ्यांत मुरू देऊन, मग टोप्या उघडून नळ्या धुवाव्या लागतात. हे तिथंच करून दाखवता आलं असतं.

दुसरी चूक त्याहून मोठी. निघताना काकूंनी दारातून विचारलं होतं, "लाईट रातची आसती. दारं धराय उठाय लागंल का?" मी म्हणालो, "तात्यांना सगळं समजावलंय." रात्री बॅटरी घेऊन, साप-विंचवाच्या भीतीनं चिखलात दारं मोडणाऱ्या बाईनं माझ्या मालाचा सगळ्यात मोठा फायदा स्वतःहून विचारला, आणि मी तिला उत्तरच दिलं नाही. ठिबकला दारं धरावी लागत नाहीत, एवढं एक वाक्य बत्तीस स्लाइडींत कुठंच नव्हतं.

पुढच्या लागणीला तात्यांनी ठिबक केलं. दुसऱ्या कंपनीचं. त्यांच्या माणसानं आधी भावाच्या नळ्या धुऊन दिल्या होत्या.