अमरावतीच्या परकोटातील एक खाद्यफेरी

प्रवास म्हटला म्हणजे काशी-रामेश्वर तरी असावे, निदान एखादे थंड हवेचे ठिकाण तरी असावे, अशी आपल्या कुटुंबांतून समजूत असते. जवळच्या गावास आपण कामाकरिता जातो. ते गाव पाहावयास म्हणून कोणी जात नाही. आम्हां धामणगावकरांची अमरावतीशी जी ओळख आहे ती याच जातीची. कोर्टाची तारीख, मुलीच्या लग्नाचा बस्ता, डॉक्टरचा दवाखाना आणि नवरात्रातील अंबादेवीचे दर्शन, एवढ्यापुरते आम्ही तेथे जातो व संध्याकाळची गाडी गाठून परत येतो. अतिपरिचयाने जसे घरच्या माणसाच्या गुणांकडे दुर्लक्ष होते, तद्वत् या शहराचेही आमच्या हातून झाले आहे.

मुंबई-पुण्यास अलीकडे एक नवा प्रघात पडला आहे. जुन्या वस्तीची माहिती असलेला कोणी जाणता मनुष्य दहा-वीस लोकांस बरोबर घेतो, पायी हिंडवितो, वाटेत तेथील प्रसिद्ध पदार्थ चाखवितो आणि त्यांच्या अनुषंगाने त्या भागाचा इतिहास सांगतो. आमचा एक जुना विद्यार्थी अमरावतीस इतिहासाचा अभ्यास करीत असतो. त्याने आग्रह धरिला की, "गुरुजी, पुण्याचे पेठवाले करतात ते आपण का करू नये? एक रविवार मला द्या." त्याप्रमाणे आम्ही उभयता, आमचे शेजारी असलेले एक वयोवृद्ध वकील, त्यांची सून व तीन मुले, अशी सात जणांची टोळी सिद्ध झाली. मार्गदर्शकाने तीन नियम आधीच घातले होते. सर्वांनी पायी चालावे, एका ठिकाणी पोटभर खाऊ नये आणि आधी ऐकावे, मग खावे. तिसरा नियम मुलांस विशेष जाचक वाटला, हे सांगणे नलगे.

धामणगावाहून बडनेऱ्यास गाडीने तासाभरात पोहोचता येते आणि तेथून अमरावती सडकेने दहा किलोमीटरांच्या आसपास आहे. ज्या लोहमार्गाने आम्ही गेलो तो 1867 साली नागपुरास पोहोचला आणि त्यानेच आमच्या गावाच्या नावास 'रेल्वे' हे शेपूट जोडले. यवतमाळकडील कापूस पक्क्या सडकेने 29 मैल गाड्यांतून येई तो आमच्याच स्टेशनावर. त्यापूर्वी मात्र वऱ्हाडचा कापूस बैलांच्या पाठीवर लादून उत्तरेस मिर्झापुरापर्यंत नेत असत. अमरावती ही त्या व्यापाराची मोठी पेठ होती. जेथे माल जातो तेथे माणसे येतात आणि माणसांबरोबर त्यांची चूल येते. आमच्या फेरीचे सारे सूत्र या एका वाक्यात आहे, असे आमच्या विद्यार्थ्याने गाडीतून उतरताच सांगितले.

प्रथम त्याने आम्हांस जुन्या परकोटाशी नेले. 1803 च्या युद्धात अडगाव व गाविलगड येथे नागपूरकर भोसल्यांचा पराभव झाला आणि देवगावच्या तहाने वर्धा नदीच्या पश्चिमेचा मुलूख त्यांच्या हातून गेला. वऱ्हाड निजामाकडे आले. पुढे पेंढाऱ्यांचा उपद्रव वाढला, तेव्हा येथील धनिक व्यापाऱ्यांच्या रक्षणार्थ निजामाच्या सरकाराने 1807 साली हा दगडी कोट बांधविला. घेर सव्वादोन मैलांचा, उंची 20 ते 26 फूट, दरवाजे पाच आणि लहान खिडक्या चार. त्यांतील एकीस खुनारी खिडकी म्हणतात. 1818 साली तिच्याजवळ झालेल्या दंग्यात सातशे माणसे मारली गेली, म्हणून हे नाव पडले. जवाहर गेट, नागपुरी गेट, खोलापुरी गेट ही नावे आज रिक्षावाल्याच्या तोंडीही आहेत. मात्र त्यांतून जाता-येता मान वर करून पाहणारा विरळाच!

दरवाजाच्या सावलीत उभे राहून आमचा मार्गदर्शक म्हणाला, "भिंत कोणाला अडवायला बांधली, हे पुस्तकात सापडतं. दरवाजा कोणासाठी उघडा ठेवला, ते मात्र ताटात पाहावं लागतं."

ते ताट लवकरच समोर आले. अमरावतीचा गिला वडा सर्व वऱ्हाडात नावाजलेला आहे. 'गिला' म्हणजे ओला. शब्द हिंदी, वडा आपला, वर दही आणि तिखट-गोड चटणी. दुकानाच्या बाकावर एका टोकास बाजारात भाजी विकून आलेले दांपत्य, मध्ये कॉलेजातील दोन मुली आणि दुसऱ्या टोकास आमचे वकीलसाहेब अशी पंगत बसली. वकीलसाहेबांनी बशी हातात घेतली खरी, पण चमचा उचलीनात. तेव्हा दुकानदार म्हणाला, "काहून जी, आवडला नाही का? तिखट वाटलं तं दही टाकून देतो अजून." या अगत्यापुढे कोणाचे काय चालणार! वकीलसाहेबांनी एक वडा संपविला आणि दुसरा स्वतः मागितला.

पुढच्या वळणावर कचोरी व जिलेबी, त्याच्या पुढे आलूबोंडा आणि तर्रीचे पोहे. यांपैकी कचोरी-जिलेबीच्या कढया उत्तरेकडील व मारवाडातील लोकांनी येथे मांडल्या. आमच्याच लोहमार्गावर शेगावची कचोरी म्हणून जी प्रसिद्ध आहे, ती 1950 च्या सुमारास, फाळणीनंतर पंजाबातून आलेल्या एका गृहस्थाने स्टेशनावर विकावयास सुरुवात केली. आज शेगावास जाऊन ती न खाता परतणारा प्रवासी क्वचितच आढळेल. घर-दार गमावून आलेल्या एका माणसाचा पदार्थ दोन पिढ्यांत वऱ्हाडची खूण होऊन बसतो, यावरून 'आपले' या शब्दाचा अर्थ किती लवचिक आहे हे ध्यानी यावे.

आमच्या सौभाग्यवतींनी येथे शंका काढली की, निदान आपल्या घरचा स्वयंपाक तरी पिढ्यान्‌पिढ्यांचा असेल की नाही? त्यावर मुलाने विचारले, "काकू, उपवासाला काय करता?" साबुदाण्याची खिचडी, हे उत्तर आले. तेव्हा त्याने सांगितले की, साबुदाणा ज्या कंदापासून होतो तो दक्षिण अमेरिकेतला; शेंगदाणा तिकडचा, मिरची तिकडची आणि खिचडीत घालावयाचा बटाटाही तिकडचाच. पोर्तुगीजांच्या गलबतांनी यांतील बहुतेक जिनसा आपल्या किनाऱ्यास लागल्या. आमची आजी हॉटेलचा चहा घेतलेल्या माणसास देवघरात पाऊल टाकू देत नसे. परंतु एकादशीस समुद्रापलीकडून आलेले हे चार पाहुणे तिच्या सोवळ्याच्या चुलीवर एकाच कढईत सुखाने नांदत होते! जिनसांची जात कोणी विचारीत नाही. ती आणणाऱ्या माणसांची मात्र विचारतो.

सराफ्यातून व जुन्या पेठांतून हिंडताना मधूनमधून लाकडी खांबांचे जुने वाडे दिसतात. त्यांच्या शेजारी काचेच्या दर्शनी भागाची नवी दुकाने उठली आहेत. 1897 साली या शहरात राष्ट्रीय सभेचे अधिवेशन भरले होते. अध्यक्ष सर शंकरन नायर आणि स्वागताध्यक्ष दादासाहेब खापर्डे. मलबारचा अध्यक्ष आणि वऱ्हाडचा यजमान! त्या काळच्या प्रवासाच्या अडचणी ध्यानी घेतल्या म्हणजे या शहराच्या दरवाजांची रुंदी अधिकच पटते.

येथवर फेरी आनंदाची झाली. पुढचा मुक्काम अंबादेवीचे देऊळ. रुक्मिणी विवाहापूर्वी देवीच्या दर्शनास आली आणि श्रीकृष्णाने तिला येथूनच नेले, ही आख्यायिका आपल्यापैकी प्रत्येकाने ऐकलेली आहे. रुक्मिणीचे माहेर जे कौंडिण्यपूर, ते वर्धेच्या तीरी, आमच्या धामणगावापासून फार दूर नाही. दर्शन झाल्यावर मुलांनी विचारले, "इथं काय खायचं?" आमचा विद्यार्थी म्हणाला, "इथं खायचं काही नाही. इथं दोन मिनिटं नुसतं उभं राहायचं."

मग त्याने सांगितले. 1927 साली याच देवळात अस्पृश्य मानलेल्या बांधवांस प्रवेश मिळावा म्हणून चळवळ उभी राहिली. बॅरिस्टर पंजाबराव देशमुख, जे पुढे स्वतंत्र भारताचे कृषिमंत्री झाले, ते तिच्या अग्रभागी होते. त्याच वर्षी 13 नोव्हेंबरास डॉ. आंबेडकरांच्या अध्यक्षतेखाली अमरावतीस परिषद भरली. ज्या शहराने मारवाडचा सराफ, उत्तरेचा हलवाई आणि मलबारचा पाहुणा आत घेतला, त्याच शहरात, येथेच जन्मलेल्या माणसास देवीच्या उंबरठ्याशी थांबवीत होते.

वकीलसाहेबांस हे रुचले नाही. ते म्हणाले, "अरे बाबा, झालं गेलं. लोक चार घास खायला, चार गोष्टी ऐकायला येतात. त्यात जुनी भांडणं कशाला?" हा आक्षेप अगदीच टाकाऊ नाही. पाहुण्यास घर दाखविताना अडगळीची खोली आधी कोणी दाखवीत नाही. परंतु आमचा विद्यार्थी नम्रपणे, पण न डगमगता म्हणाला, "काका, दरवाजाची गोष्ट सांगितली ती तुम्हांला आवडली. दरवाजाची सांगायची आणि उंबरठ्याची वगळायची, तर ती गोष्ट अर्धीच राहते. आणि ही मुलं अर्धीच घेऊन घरी जातील." वकीलसाहेब गप्प राहिले. त्यांचे मत पालटले असे आम्ही म्हणत नाही. परंतु त्यांची सून मुलांस घेऊन पुढे झाली आणि तिने त्या चळवळीविषयी आणखी चार प्रश्न विचारले, हे आम्ही पाहिले.

आम्हांस विचाराल, तर आम्ही त्या मुलाच्या बाजूचे आहोत. अन्न व प्रवेश हे दोन निराळे विषय आपण मानतो. पण तैत्तिरीयोपनिषदाच्या भृगुवल्लीत ते एकत्रच आले आहेत. अन्न पुष्कळ पिकवावे, हे सांगितल्यावर लगेच, आश्रयास आलेल्या कोणासही परत पाठवू नये, असे व्रत तेथे घातले आहे. ज्यांनी ही वचने पाठ केली त्यांच्याच ओसरीवर पंगतीचे भेद सर्वांत कडक राहिले. ही विसंगती आपल्या वर्गाने स्वतः उच्चारली पाहिजे. दुसऱ्याने ती दाखवून देईपर्यंत थांबू नये.

शेवटचा टप्पा परकोटाबाहेर, ऑटोरिक्षाने. गाडगेनगरात संत गाडगे महाराजांची समाधी आहे. त्यांचा जन्म 1876 साली याच जिल्ह्यात शेंडगावी झाला आणि 20 डिसेंबर 1956 रोजी अमरावतीच्या वाटेवर त्यांनी देह ठेविला. फुटक्या गाडग्यात भाकरी घेऊन ती खावयाची, दिवसा गाव झाडावयाचे आणि रात्री कीर्तन करावयाचे, हा त्यांचा क्रम होता. भुकेल्यास अन्न द्या, हे त्यांच्या शिकवणीतील पहिले कलम. पोट भरलेल्या अवस्थेत त्या समाधीपुढे उभे राहणे थोडे अवघड जाते, आणि ते तसे जावे हेच बरे. कारण याच अमरावती जिल्ह्याच्या उत्तर भागी मेळघाट आहे. 1993 साली तेथील कोरकू बालकांच्या कुपोषणाने झालेल्या मृत्यूंची वार्ता साऱ्या देशास कळली होती. आपल्या जिल्ह्याची खाद्यकथा गिल्या वड्यापाशी सुरू होत असली, तरी ती तेथेच संपवू नये.

परतीच्या गाडीत चर्चा निघाली ती न मिळालेल्या पदार्थांची. दिवसभरात रोडगे कोठे दिसले नाहीत. ज्वारीच्या कण्या, अंबाडीची भाजी, आमरसाबरोबरचे सरगुंडे, यांतील काहीच आमच्या वाटेतल्या दुकानांत नव्हते. गोवरीच्या आहारात भाजलेला रोडगा, वरण आणि वांग्याची भाजी हे शेतातल्या पंगतीचे अन्न. ते बाकावर बसून दहा मिनिटांत खावयाचे नव्हे. शिवाय वऱ्हाडात ज्वारीचा पेरा पूर्वीसारखा राहिला नाही. तिच्या पुष्कळ जमिनीत आता सोयाबीन उभे असते. जे बाजारात विकले जाते ते टिकते. जे केवळ घरी केले जाते ते करणाऱ्या हातांबरोबर जाते. तेव्हा ही दुसरी अर्धी खाद्यफेरी आपल्याच स्वयंपाकघरात करावयाची आहे, आणि तिची मार्गदर्शक घरातील वडील बाईमाणसे आहेत.

वाचकांस आमचे एवढेच सांगणे की, आपल्या जवळच्या शहराच्या जुन्या वस्तीतून एक दिवस मुला-नातवंडांसह अशी पायी फेरी अवश्य करावी. अचलपूर, अकोला, कारंजे, कोणतेही गाव चालेल. प्रत्येक पदार्थापाशी विचारावे, हा कोणाबरोबर आला? प्रत्येक दरवाजापाशी विचारावे, येथून कोणास आत घेतले नव्हते? आणि घरी आल्यावर, आपल्या घरच्या पुढील कार्यात धुणे-भांडी करणारी बाई, शेतावरचा गडी आणि त्यांची मुले आपल्याच पंगतीत, त्याच वेळी, त्याच पानावर बसतील, एवढे पाहावे. आमच्या घरी येत्या श्रावणात तसे ठरले आहे. रोडगे करावयाचे असून, ते भाजावयास शेतावरची मंडळीच येणार आहेत. कारण ती विद्या आमच्या घरात आता कोणासच येत नाही.