गुलाबाईची माती

भाद्रपदाची पौर्णिमा जवळ आली की बुऱ्हाणपूरच्या बाजारात गणपतीच्या मूर्तींची जागा गुलाबाई घेते. वीतभर उंचीची जोडी: गुलाबाई आणि गुलोजी, म्हणजे पार्वती आणि शंकर, बहुधा सोबत चिमुकला गणपती. गडद गुलाबी, पोपटी, पिवळा असे रंग, काळ्या रेघेचे मोठाले डोळे. पाठ मात्र साधी, कारण ती भिंतीलाच टेकायची असते. कोजागरीपर्यंत महिनाभर ही जोडी घरात बसते. जळगाव-भुसावळपासून इथवर तापीच्या खोऱ्यातल्या घरांत ती गुलाबाई, वऱ्हाडात भुलाबाई. मधे महाराष्ट्र-मध्य प्रदेशाची हद्द आडवी आली, तरी पोरींच्या गाण्यांनी ती कधी मानली नाही.

ती साधी पाठ पाहिली की मला तानाग्राच्या मूर्ती आठवतात. ग्रीसमधल्या या प्राचीन गावाच्या थडग्यांतून 1870 च्या सुमारास भाजक्या मातीच्या लहान मूर्ती निघू लागल्या. इसवी सनापूर्वी चौथ्या आणि तिसऱ्या शतकांतल्या. अंगभर वस्त्र लपेटलेल्या, कुणाच्या हातात पंखा, कुणाची मान किंचित कललेली. कुंभार त्या साच्यात घडवायचा, पांढऱ्या मातीचा हात द्यायचा, भाजायचा आणि मग गुलाबी-निळे रंग चढवायचा. पाठीवर फारसं काम नसे. तिथे एक भोक ठेवलेलं असे, भट्टीत मूर्ती तडकू नये म्हणून. जे दिसायचं त्यावर जीव ओतायचा आणि मागची बाजू मोकळी सोडायची, हा हिशेब तिथल्या आणि इथल्या कुंभाराने आपापल्या जागी बसून केला असणार.

तशी ग्रीकांची घडण आपल्याकडे आलीच नाही असं नाही. कोल्हापूरच्या ब्रह्मपुरीत 1940 च्या दशकात ग्रीकांचा समुद्रदेव पोसायडन सापडला, काशाचा, तळहाताएवढा. सातवाहनकाळात समुद्रमार्गे आलेला हा पाहुणा आज कोल्हापूरच्या टाउन हॉल संग्रहालयात उभा आहे. धाराशिव जिल्ह्यातल्या तेरला पांढऱ्या मातीच्या पोकळ मूर्ती मिळाल्या. पुढचा आणि मागचा असे दोन साचे करून त्या जोडलेल्या, आणि या तऱ्हेचा संबंध अभ्यासक भूमध्य समुद्राकाठच्या कारागिरीशी लावतात. पण पोसायडन व्यापाऱ्याच्या गाठोड्यातून आला. गुलाबाई आली ती आयांच्या आणि आज्यांच्या मांडीवरून, आणि मला तिच्या वाटेबद्दल बोलायचं आहे.

त्यासाठी आधी ग्रीक मुलींकडे बघू: त्यांच्याकडे मातीच्या बाहुल्या असत. कोरिंथच्या कारागिरांनी केलेल्या बाहुल्यांचे हातपाय वेगळे करून दोऱ्याने ओवलेले, हलवता येतील असे. लग्न ठरलं की मुलगी आपली खेळणी आर्टेमिस देवीला वाहून टाकी. तिमारेता नावाच्या एका मुलीच्या अशा अर्पणाची छोटीशी ग्रीक कविता शिल्लक आहे: तिने आपली डफली, चेंडू, केसांची जाळी आणि बाहुल्या, त्यांच्या कपड्यांसकट, देवीच्या हवाली केल्या. मला ती यादी वाचवत नाही. बाहुलीचे कपडेसुद्धा! ती घरातून निघाली तेव्हा मागे काहीच उरलं नसणार.

आपल्या मुलींना असं एकदम सोडावं लागत नाही. गुलाबाई माहेरपणाला येते आणि दर वर्षी येते. संध्याकाळी पोरी एकेका घरी जमतात, टिपऱ्या धरतात आणि गाणी म्हणतात. त्या गाण्यांत सासर असतं, सासू-नणंद असते, माहेरची आठवण असते. दहा वर्षांची पोर, जिने अजून चूल पेटवलेली नाही, ती सासुरवास गाऊन मोकळी होते. मूर्ती भिंतीशी बसून ऐकते. माझ्या मते ही पोरींची शाळाच आहे, आणि कुठल्याही पुस्तकापेक्षा प्रामाणिक. तिथे लग्नातलं दुःख लपवलेलं नाही आणि ते सगळ्यांनी मिळून सोसायचं असतं.

ग्रीकांच्या मूर्ती आपल्याला भेटतात त्याचं कारण आग आणि खड्डा. देवळात वाहिलेलं ते देवाचं झालं, ते फेकायचं नाही. जागा भरली की पुजारी जुन्या मूर्ती देवळाच्या आवारातच खड्ड्यात पुरत. भाजलेली माती कुजत नाही, म्हणून एकेका खड्ड्यातून आज हजारोंनी निघतात. विसर्जन त्यांनाही अनोळखी नव्हतं. अकाली मेलेल्या अडोनिसच्या सणात अथेन्सच्या बायका फुटक्या मडक्यांत झटपट उगवणारं बी पेरून घराच्या छपरावर नेत, त्याच्या लहानशा प्रतिमांभोवती शोक करत आणि शेवटी सगळं पाण्यात सोडत. निमाडच्या गणगौरीत टोपलीत पेरलेले गव्हाचे जवारे ज्याने पाहिले आहेत, त्याला हे परकं वाटणार नाही. बुऱ्हाणपूर निमाड आणि खानदेशाच्या सांध्यावर आहे. इथे चैत्रात जवारे आणि आश्विनात गुलाबाई, दोन्हींचा निरोप पाण्यालाच.

कच्च्या मातीची गुलाबाई तापीत विरघळते. हजार वर्षांनी कुणी इथे खणलं तर तिचा मागमूस लागणार नाही. प्लास्टर ऑफ पॅरिसची मूर्ती मात्र राहील, नको तिथे आणि नको तशी, आणि ती दिसली की मला वाईट वाटतं. विरघळणं हा गुलाबाईचा हक्क आहे.

मग तिचं टिकतं काय? ग्रीक कुंभारांची एक गोष्ट मला फार मोलाची वाटते. जुना साचा झिजला की ते तयार मूर्तीवरूनच नवा साचा घेत. माती वाळताना आणि भाजताना आकसते, म्हणून नव्या साच्यातली मूर्ती थोडी लहान आणि तिचा चेहरा थोडा पुसट. अशा पिढ्या अभ्यासक मोजमापावरून ओळखतात. पण चांगला कारागीर साच्यातून काढलेल्या ओल्या मूर्तीवर कोरणीने पुन्हा काम करी, केसांची वळणं, पापणी, ओठ नव्याने काढी.

गुलाबाईची गाणी अशीच तोंडातोंडी साचा बदलत आली. आमच्या गल्लीतल्या पोरी हिंदी माध्यमात शिकतात, मराठी लिहिता येणाऱ्या थोड्या. आजी म्हणायची त्यातलं एखादं कडवं गळतं, शेतीतला जुना शब्द कळेनासा होतो, तिथे पोरी हिंदी शब्द बसवतात. जुनी माणसं नाक मुरडतात. मला उलट त्या पोरींचं कौतुक वाटतं, कारण ठेका चुकत नाही आणि गाणं अडत नाही. मात्र आज्यांकडची पूर्ण गाणी आता कुणीतरी मोबाइलवर रेकॉर्ड करून ठेवायला हवीत, हेही मला तितकंच पोटतिडकीने वाटतं. गाणी संपली की खाऊ ओळखायचा असतो. झाकलेला डबा हलवून घरची बाई विचारते मराठीत, पोरी तर्क लढवतात अर्ध्या हिंदीत: जिलेबी, लाडू, चिवडा, इथला खास दराबा. नाही, नाही, नाही. मग सगळ्या एकदम हार मानतात आणि डबा उघडतो.