म्हणणे राहिले नाही

आमच्या बीडकडे तडजोड हा शब्द कोर्टापेक्षा उसाच्या फडात जास्त ऐकू येतो. ऊसतोड मजुरांच्या दराचा वाद निघतो, कोयता बंदची भाषा होते आणि शेवटी साखर संघ नि संघटना लवादापुढे बसतात. 2024च्या जानेवारीत पंकजा मुंडे आणि जयंत पाटील यांच्या लवादात असाच 34 टक्के दरवाढीवर समेट झाला. ती बातमी वाचताना मला अण्णा आठवले. अण्णांचा उसाशी संबंध रसवंतीपुरता. ते शिक्षक होते.

अनुदानित खासगी शाळेत तेवीस वर्षं काढल्यावर संस्थेनं त्यांना बडतर्फ केलं. कारणं सांगत बसत नाही. अशा आदेशांत असतात तशीच होती. खासगी शाळांतल्या कर्मचाऱ्यांसाठी 1977चा कायदा आहे. त्याच्या कलम 9खाली 30 दिवसांत शाळा न्यायाधिकरणाकडे अपील करता येतं. ते शक्यतो तीन महिन्यांत निकाली काढावं, असंही कायदाच म्हणतो. त्या ओळीखाली अण्णांनी लाल रेघ मारली होती. पुढं चार वर्षं आम्ही एसटीनं औरंगाबादच्या तारखा केल्या. गेवराई, शहागडचा पूल, पाचोड, आडूळ... थांबे मला पाढ्यासारखे पाठ झाले.

मग संस्थेकडून मध्यस्थामार्फत निरोप आला, ‘मिटवून घेऊ.’ अपील हरले असते तर मागचा पगार त्यांना खिशातून भरावा लागला असता, म्हणून ही माणुसकी. पण घाई आम्हालाही होती. जिंकलो तरी ते खंडपीठात जाणार, आणि अण्णांना अठ्ठावन्न व्हायला दोनच वर्षं उरलेली.

उभा ऊस वाळला की वजन घटतं. त्याची झळ कारखान्यालाही बसते, म्हणून तो टेबलापाशी येतो. अण्णाही चार वर्षं उभेच होते. त्यांचं घटलेलं वजन कुणाच्या काट्यावर दिसणार होतं? तडजोडीत दोघंही थोडं सोडतात म्हणे. थांबणं कुणाला परवडत नाही, हे मात्र बैठकीआधीच ठरलेलं असतं.

बैठक वकिलांच्या माडीवर झाली. मागच्या पगारातली निम्मी रक्कम आणि बडतर्फीचा आदेश मागे, एवढं चहा गार व्हायच्या आत ठरलं. अडलं ते एका शब्दावर. संस्थेच्या मसुद्यात ‘राजीनामा’ होता. आमच्या वकिलांनी तिथंच कागद परत सरकवला. ‘राजीनामा लिहिला की पेन्शन बुडाली. स्वेच्छानिवृत्ती लिहा.’ त्या शब्दासाठी दीड तास गेला. अण्णांची चूक होती की नव्हती, यावर मात्र कुणी एक मिनिटही घालवलं नाही. कलमं पैशांची होती, तारखांची होती, शिक्षणाधिकाऱ्यांकडं जाणाऱ्या प्रस्तावाची होती. या प्रश्नाला कलमच नव्हतं.

पुढच्या तारखेला पुरसिस, म्हणजे समेटाचं लेखी निवेदन, दाखल करायची होती. वकिलांनी ती टाइप करून आणली. अण्णांनी ती निबंधाची वही तपासावी तशी वाचली आणि शेवटच्या ओळीवर बोट ठेवलं : ‘उभयतांचे एकमेकांविरूद्ध काहीही म्हणणे राहिलेले नाही.’

‘वकीलसाहेब, म्हणणं तर आहे की.’

‘सर, ते तसंच लिहायचं असतं.’

अण्णांनी टोपण काढलं, ‘एकमेकांविरूद्ध’मधला रू ऱ्हस्व केला, शेजारी आद्याक्षर घातलं आणि सही केली.