थिजलेल्या चित्रांपुढे

सर्गेई आयझेनस्टाइन यांचा ‘बेझिन मेडो’ आम्ही पाहिला, तो सुमारे अर्ध्या तासाच्या स्थिरचित्रांतून. ‘पोटेमकिन’मध्ये (१९२५) क्रांतीचे गुणगान करणाऱ्या या कलावंताचे हे काम १९३७ साली त्याच क्रांतीच्या राजवटीने थांबविले, आणि त्यांना आपल्या चुकांची जाहीर कबुली द्यावी लागली. मूळ फीत पुढे नष्ट झाली. जपून ठेवलेल्या तुकड्यांवरून हे चित्र मागाहून जुळविले गेले.

वास्तविक कथा सरकारनिष्ठच : बापाचा कट उघड करणारा मुलगा बापाच्याच हातून मरतो. ती आम्हांस रुचली नाही. तथापि त्या कोवळ्या मुखावरून दृष्टी हलेना. तेव्हा उमजले, सत्तेला नुसती निष्ठा पुरत नाही. कलावंताची नजरही तिला आपल्या मालकीची हवी असते.