स सशाचा, ई ईडलिंबाचा

सई म्हणजे सखी, जिवाची मैत्रीण. संस्कृतातल्या 'सखी'ची प्राकृतात 'सही' झाली आणि मराठीच्या तोंडी त्यातला 'ह'ही विरून 'सई' उरली. दोन स्वरांमध्ये सापडलेल्या 'ख', 'घ', 'ध' यांचा नुसता 'ह' होणे हे प्राकृतात नेहमीचेच. 'दधि'चे दही झाले, 'लिख्'चे लिहिणे झाले, ते याच वाटेने. पुढे मराठीत 'सखी' पुन्हा संस्कृतातून जशीच्या तशी आली आणि कवितेत, नाटकात, पत्रांच्या मायन्यात मानाने बसली. 'सई' मात्र बायकांच्या बोलण्यात राहिली. आज हे नाव 'मॉडर्न' म्हणून ठेवले जाते. प्रत्यक्षात ते मराठीतल्या फार जुन्या शब्दांपैकी एक आहे.

किती जुने, ते गाथासप्तशतीवरून कळते. सातवाहन राजा हाल याच्या नावाने ओळखला जाणारा हा महाराष्ट्री प्राकृतातला सुमारे सातशे गाथांचा संग्रह. यातल्या कितीतरी गाथांत एक बाई दुसरीपाशी मन मोकळे करते: नवरा परगावी आहे, सासू घरात आहे, पाऊस दाराशी आला आहे. ऐकणारीला हाक असते 'सहि'. आजच्या पाळण्यातल्या मुलीला जे नाव मिळते, त्याच शब्दाने त्या बायका एकमेकींना बोलावत होत्या. पुढे जात्यावरच्या ओव्यांतही 'सये', 'सईबाई' अशी साद येते. पहाटेच्या अंधारात दळण चालू असे आणि घरात कुणापाशी बोलता न येणारे सगळे त्या हाकेमागून बाहेर येई. नावाचा अर्थ 'मैत्रीण' असा कोशात एका शब्दात मिळतो. पण सई ही खरी ऐकून घेणारी आहे, आणि या नावाची सगळी ऊब त्यात आहे.

व्यक्तिनाम म्हणून सई महाराष्ट्राला ठाऊक आहे ती सर्वांत आधी सईबाईंमुळे. शिवाजी महाराजांच्या या पहिल्या पत्नी फलटणच्या निंबाळकर घराण्यातल्या. १६४० मध्ये पुण्यात लग्न झाले तेव्हा दोघेही लहान होते. १४ मे १६५७ रोजी पुरंदरावर संभाजीराजांचा जन्म झाला. सईबाईंची प्रकृती ढासळलेली असल्याने बाळाला कापूरहोळच्या धाराऊंनी दूध पाजले. ५ सप्टेंबर १६५९ रोजी राजगडावर सईबाई गेल्या. अफझलखानाची मोहीम तेव्हा स्वराज्यावर चालून आलेली होती. संभाजीराजे जेमतेम सव्वादोन वर्षांचे होते. गडाच्या पायथ्याशी पाल गावात सईबाईंची समाधी आहे. सईबाईंच्या एका मुलीचे नाव होते सखू. आईचे आणि लेकीचे नाव अर्थाने एकच.

सखू आणि सई यांचे पुढे जे झाले ते विचार करण्यासारखे आहे. सखू हे नाव शतकानुशतके घरोघर होते, कऱ्हाडच्या संत सखूने त्याला पुण्याईही दिली. तरी विसाव्या शतकात ते हळूहळू मागे पडले. गोदू, ठकू, बगू, सखू अशी 'ऊ'कारान्त नावे जुन्या वळणाची, खेडवळ वाटू लागली. मग आली कुसुम, मालती, सुमन यांची पिढी. त्यांच्यामागून वैशाली, मनीषा, स्वाती, अश्विनी. शतकाच्या अखेरीस आईवडिलांना आखूड नावे आवडू लागली: जुई, ईशा, रेवा, ऋचा, इरा. या रांगेत सई अगदी सहज बसली. सखू गेली आणि सई आली, हा निवाडा अर्थाने केला नाही, शेवटच्या स्वराने केला. सखूच्या बाबतीत हा अन्याय झाला असेच म्हणावे लागेल.

सई नाव ठेवलेल्या मुलीची त्याच्याशी पहिली गाठ बारशाला पडते. बाळ दोघींच्या हातांतून पाळण्याच्या वरून-खालून फिरते, आत्या कानाशी 'कुर्र' करून नाव सांगते आणि तिच्या पाठीत धपाटे बसतात. बऱ्याच घरांत ताटात तांदूळ पसरून त्यात सोन्याच्या अंगठीने नाव लिहितात. 'मृण्मयी' लिहायची तर जोडाक्षरापाशी तांदूळ घसरतात, मागचे अक्षर बुजते, पुन्हा ताट हलवून सारखे करावे लागते. 'सई' एका दमात लिहून होते. फक्त 'ई'च्या डोक्यावरचा रफारासारखा तुरा जपून काढावा लागतो, नाहीतर तिची 'इ' होते.

हाक मारायलाही हे नाव सोयीचे. शेवटचा दीर्घ 'ई' हवा तितका ओढता येतो. गॅलरीतून मारलेली हाक खाली खेळणाऱ्या पोरांच्या गलक्यातूनही पोचते. नाव आणखी छोटे करता येत नाही, म्हणून लाडाने ते वाढवले जाते: सयू, सयडी, सईबाई. मोठ्या नावाचे लाडात लहान होते; इथे उलटे घडते.

मग अक्षरओळख. भिंतीवरच्या तक्त्यात 'स' सशाचा आणि 'ई' ईडलिंबाचा. ससा चित्रात तरी ओळखीचा असतो. ईडलिंबू मात्र शहरातल्या बहुतेक मुलांनी त्या तक्त्याबाहेर कधी पाहिलेले नसते. तरी सई नावाच्या मुलीला तो चौकोन आपला वाटतो. काना नाही, वेलांटी नाही, जोडाक्षर नाही. म्हणून वर्गात स्वतःचे नाव आधी लिहिणाऱ्यांत ती असते. पुढे कधीतरी बँकेच्या फॉर्मवर बोट ठेवून कुणी म्हणते, "इथे सई कर." बोलताना 'सही'तला 'ह' असाच गळतो. हा 'सही' अरबीतून आलेला, 'खरे, बरोबर' अशा अर्थाचा. सखीशी त्याचे नाते नाही. कोकणात आठवणीला म्हणतात ती 'सय'ही निराळीच. पण कानाला ही सगळी भावंडे वाटतात, आणि दिग्दर्शक सई परांजपे यांनी आपल्या आत्मकथनाला 'सय' हे नाव दिले तेव्हा मराठी वाचकाला त्यातली जवळीक समजावून सांगावी लागली नाही.

खरी अडचण रोमन लिपीत आहे. एस, ए, आय अशी तीन अक्षरे लिहिली की महाराष्ट्राबाहेरचा माणूस 'साई' वाचतो. शिर्डीच्या साईबाबांमुळे आणि दक्षिणेत मुलामुलींच्या नावांआधी 'साई' लावण्याच्या प्रथेमुळे त्याचे वाचणे स्वाभाविकच असते. परांजपे यांच्याबाबत हे आयुष्यभर होत आले. 'स्पर्श', 'चश्मेबद्दूर' आणि 'कथा' या चित्रपटांची दिग्दर्शिका हिंदी मुलखात अनेकांसाठी 'साई'च आहे. यावर तोडगा म्हणून कुणी शेवटी जादा 'ई' जोडतात, कुणी दोन. काही जण मधे 'वाय' घालतात. जन्मदाखल्यावर एक स्पेलिंग, शाळेच्या दाखल्यावर दुसरे, आधारवर तिसरे, असे झाले की पासपोर्टच्या वेळी प्रतिज्ञापत्रांच्या खेपा सुरू होतात. जन्मदाखल्यावर जे लिहिले तेच शेवटपर्यंत चालवावे, हे नाव ठेवतानाच ठरवलेले बरे.

नाव रुळण्यात पडद्याचा वाटा मोठा आहे. परांजपे यांचा जन्म १९३८चा. त्यांच्या पिढीत सई क्वचितच आढळे. सांगलीची सई ताम्हणकर 'दुनियादारी'सारख्या चित्रपटांतून घरोघरी पोचली, 'मिमी'मुळे हिंदीतही ओळखली गेली. २०२० मध्ये सुरू झालेल्या 'गुम है किसी के प्यार में' या हिंदी मालिकेची नायिका होती गडचिरोलीची सई जोशी. तिच्यामुळे उत्तरेतल्या प्रेक्षकांच्या कानावर रोज संध्याकाळी 'सई' हा नीट उच्चार पडू लागला. परदेशातल्या मराठी आईवडिलांनाही हे नाव भावते. ते छोटे आहे, त्यात 'ळ' किंवा 'ण' नाही, आणि आजीला ते पहिल्याच वेळी फोनवर कळते.

लग्नात या नावाची एकदा परीक्षा होते. नवरी सासरी आली की लक्ष्मीपूजनाच्या वेळी पुन्हा तेच ताट समोर येते, तेच तांदूळ, तीच अंगठी. या वेळी अंगठी नवऱ्याच्या हातात असते आणि त्याने बायकोचे नवे नाव लिहायचे असते. जुन्या काळी माहेरचे नाव तिथेच संपे. पुढे त्या नावाने हाक मारायला माहेरची माणसे तेवढी उरत. आता कितीतरी घरांत नवरीला आधी विचारतात, आणि ती नको म्हणते. मग विधी मोडायचा नाही म्हणून ताट तसेच पुढे केले जाते, सगळे वाकून बघतात, आणि नवरा तांदळात लिहितो: सई. तुरा काढताना त्याचाही हात जरा थबकतो.