तोरणमाळच्या वाटेवर एक फ्रेंच पाहुणा

नंदुरबारला जायचे ठरले तेव्हा आमच्या सौभाग्यवतींचा पहिला प्रश्न होता, “तिथे पाहण्यासारखे काय आहे?”

“माझा भाचा आहे,” मी म्हणालो.

भाचा तोरणमाळच्या बाजूला एका आश्रमशाळेत क्रीडाशिक्षक आहे. तीन वर्षे तो बोलावत होता आणि तीन वर्षे आम्ही माथेरानला जात होतो. अखेर गेल्या वर्षी दसरा आटोपला आणि आम्ही सुरतमार्गे नंदुरबार गाठले.

पूर्वी हा सारा मुलूख धुळे जिल्ह्यात होता. १ जुलै १९९८ पासून नंदुरबार स्वतंत्र जिल्हा झाला. गावाची पहिली ओळख होते ती नाकाला. पथाऱ्यांवर लाल मिरची वाळत घातलेली. लांबून पाहावे तर कुणी गालिचे अंथरलेत असे वाटते. जवळ जावे तर शिंकांनी जीव नकोसा होतो.

माणिक चौकात शिरीषकुमारचे स्मारक पाहिले. ९ सप्टेंबर १९४२ रोजी शाळकरी पोरांनी तिरंगा घेऊन मिरवणूक काढली. पोलिसांनी दटावले, पोरांनी ऐकले नाही. गोळीबारात शिरीषकुमार मेहता आणि त्याचे चार सोबती गेले. सौ. बराच वेळ हात जोडून उभी होती. “आपल्या धाकट्याएवढाच असेल, नाही?” एवढेच म्हणाली. न ऐकणाऱ्या पोरांचा विषय माझ्या डोक्यात शिरला तो तिथेच. दोनच दिवसांत तो पुन्हा समोर येईल, असे मात्र वाटले नव्हते.

नंदुरबारहून शहाद्याला जाताना प्रकाशाला तापी ओलांडावी लागते. नदीकाठच्या देवळांमुळे या गावाला लोक दक्षिणकाशी म्हणतात. पुढे शहाद्याच्या शिवारात केळी आणि पपईच्या बागा डोळ्यांना गारवा देतात. म्हसावद मागे पडले की सातपुडा समोर येऊन उभा राहतो. मग घाट सुरू होतो. एकेका वळणाला सौ. डोळे मिटून रामनाम घेत होती आणि मी धीर देण्याच्या निमित्ताने पुढची दांडी घट्ट धरून बसलो होतो. वर पोचल्यावर मात्र हजार मीटरांहून उंचावरची ती हवा, यशवंत तलावाचे निश्चल पाणी आणि पलीकडचे डोंगर पाहून तिने स्वतःच कबूल केले, “माथेरानला हे नाही हो!”

संध्याकाळी शाळेच्या मैदानावर गेलो. मैदान म्हणजे डोंगरउतारावरचा जरासा सपाट तुकडा. बांबूचे दोन गोल. चेंडू जोरात मारला तर तो दरीत जाणार, म्हणून एका बाजूला दोन लहान पोरे कायमची उभी केलेली. बहुतेक खेळाडू अनवाणी. त्यांत एक काळासावळा, काटकुळा मुलगा असा काही धावत होता, की मी उभ्या जन्मात चेंडूला पाय लावला नसला तरी पाहतच राहिलो. पायाला चेंडू जणू दोरीने बांधलेला!

“हा तुझा हिरा दिसतो,” मी भाच्याला म्हणालो.

भाच्याचा चेहरा उतरला. “हिराच आहे, मामा. पण परवा धडगावला तालुक्याचे सामने आहेत आणि मी त्याला नेणार नाही. सांगितलेले ऐकत नाही. कुणाला पास देत नाही. वर आठवड्यातून दोनदा न विचारता पसार होतो. आज त्याला सोडले, तर उद्या बाकीचे माझे काय ऐकतील?”

रात्री जेवणे झाल्यावर अंगणात शेकोटी पेटवली. भाकरी आणि मिरचीचा ठेचा पोटात, वर चांदणे. माझ्या तोंडून निघून गेले, “अरे, असाच एक न ऐकणारा आमच्या मुंबईला येऊन गेला. मोठा फ्रेंच खेळाडू, निकोला अनेल्का.”

माझ्या मुलाला फुटबॉलचे वेड. २०१५ साली तो मला नेरूळच्या डी. वाय. पाटील स्टेडियमवर मुंबई सिटीचा सामना पाहायला घेऊन गेला होता. त्या मोसमात अनेल्का संघाचा खेळाडूही होता आणि प्रशिक्षकही. घरी परतताना मुलाने त्याची सारी कुंडली मांडली, तीच मी त्या रात्री भाच्याला ऐकवली.

अनेल्काचा जन्म १९७९ चा. आईवडील मार्तिनिक बेटावरचे, बालपण पॅरिसजवळच्या त्राप गावात. अठराव्या वर्षी लंडनच्या आर्सेनल संघात गेला आणि १९९८ साली तिथली लीग आणि करंडक दोन्ही जिंकणाऱ्या संघात चमकला. त्याच वर्षी विश्वचषक फ्रान्समध्ये. पण प्रशिक्षक एमे जाके यांनी अखेरच्या बावीस जणांतून त्याला वगळले. फ्रान्स त्याच्याशिवाय जगज्जेता झाला.

“बघा!” भाचा म्हणाला. “वगळले म्हणून काही अडले का?”

“थांब. पुढे तर ऐक.”

पुढच्याच वर्षी तो रेआल माद्रिदला गेला. २००० साली तिथे त्याचे इतके बिनसले, की तो सरावालाच जाईना. क्लबने त्याला ४५ दिवस दूर ठेवण्याची शिक्षा दिली. पण नंतर प्रशिक्षक व्हिसेंते देल बोस्के यांनी त्याला पुन्हा मैदानात उतरवले. युरोपच्या चॅम्पियन्स लीगच्या उपांत्य फेरीत बायर्न म्युनिकशी दोन सामने झाले. दोन्हींत अनेल्काने गोल केला. त्या वर्षीचा करंडक माद्रिदला आला.

आता भाचा गप्प होता.

“आणि तिसरा प्रकार दक्षिण आफ्रिकेत, २०१० च्या विश्वचषकात. मेक्सिकोविरुद्धच्या सामन्याच्या मध्यंतरात प्रशिक्षक रेमों दोमेनेक यांच्याशी त्याची जुंपली. वर्तमानपत्राने छापलेले शब्द आपले नव्हेत, असे अनेल्का म्हणत राहिला. पण जाहीर माफी मागेना. त्याला घरी पाठवले. त्यावर बाकीच्या खेळाडूंनी सरावच नाकारला. एकही सामना न जिंकता फ्रान्स पहिल्याच फेरीत गारद! माणूस तोच. एकाने वगळला आणि जिंकला, एकाने शिक्षेनंतर परत घेतला आणि जिंकला, आणि एकाच्या हातून सारा संघच गेला.”

“आणि मुंबईत?”

मुंबईत तर नियतीने मौजच केली. बारा क्लबांचे पाणी प्यालेल्या, प्रशिक्षकांशी उभा दावा मांडलेल्या माणसाच्या हाती इतरांना ऐकायला लावण्याचे काम आले. त्याच्या संघातल्या सुनील छेत्रीने नॉर्थईस्ट युनायटेडवर तीन गोल केले. इंडियन सुपर लीगमधली भारतीय खेळाडूची ती पहिली हॅटट्रिक. पण तीन आठवड्यांच्या आत गोव्यात याच संघाने सात गोल खाल्ले आणि एकही फेडला नाही. आठ संघांत मुंबई सहावी आली. मैदानाच्या कडेला उभे राहणे किती कठीण आहे, ते अनेल्काला तेव्हा कळले असावे.

“म्हणजे मी काय करू?” भाच्याने विचारले.

“ते मी कोण सांगणार? मी बँकेतला कारकून. पण तो पसार होतो तो कुठे, हे तू त्याला कधी विचारलेस का?”

शेकोटीतले लाकूड तडतडले. भाच्याने उत्तर दिले नाही.

सकाळी धुके इतके दाट होते, की मैदानावर आवाज आधी येत होते आणि माणसे मागून. भाच्याने त्या मुलाला बाजूला घेतले. मोडक्या पावरीत आणि मराठीत बराच वेळ बोलणे चालले. परत आला तेव्हा त्याची नजर जमिनीवर होती.

“आईबाप गुजरातेत मजुरीला गेलेत, मामा. घरी म्हातारी आजी आणि दोन लहान बहिणी. ज्वारी कापणीला आलीय. डोंगर उतरून जातो, कापणी करतो आणि रात्री परत येतो. विचारले तर सोडणार नाहीत, म्हणून विचारत नाही.”

सौ.ने पदराने डोळे टिपले. “आणि पास का देत नाही?” तिने विचारले.

भाचा हसला. “ते मात्र त्यालाही माहीत नाही, मामी.”

भाच्याने त्याचा निर्णय घेतला. रविवारी शाळेतली चार पोरे त्या मुलाबरोबर कापणीला जातील. पण यापुढे न सांगता गेला तर खेळ बंद. धडगावला त्याला न्यायचे, मात्र पहिला अर्धा सामना त्याने सरांशेजारी बसून पाहायचा. आम्ही त्याच दुपारी घाट उतरलो. या वेळी सौ.ने डोळे मिटले नाहीत.

मुंबईला पोचल्यावर तिसऱ्या दिवशी फोन वाजला.

“मामा, हरलो. दोन-एक. आमचा गोल त्यानेच केला.”

“आणि पास?”

“एक दिला,” भाचा म्हणाला. त्याच्या आवाजावरून वाटावे, की करंडकच घरी आणला आहे.